सोसायटीचं दप्तर, सोळा जीबी

सहकारी गृहनिर्माण संस्थेत समिती बदलते तेव्हा मावळते सेक्रेटरी नव्या सेक्रेटरींच्या हाती चार गोष्टी सोपवतात. संस्थेचा गोल शिक्का. त्यातला नोंदणी क्रमांक इतका झिजलेला असतो, की तो ज्यांना पाठ आहे त्यांनाच वाचता येतो. कपाटाची किल्ली, ती कपाटाला लागते, आतल्या खणाला लागत नाही. पाण्याच्या टाकीचा व्हॉल्व्ह नेमका किती फिरवायचा याचं गुपित; हे लेखी कधीच दिलं जात नाही. आणि एक पेनड्राइव्ह. तो देताना ‘यात सगळं आहे’ एवढंच म्हणायचं असतं आणि घेणाऱ्याने ‘वा, छान’ म्हणून तो खिशात टाकायचा असतो. तिथल्या तिथे लावून बघणं म्हणजे देणाऱ्यावर अविश्वास दाखवणं, आणि अविश्वास दाखवायला आमच्याकडे सर्वसाधारण सभा असते.

ही सभा आर्थिक वर्ष संपल्यापासून सहा महिन्यांत, म्हणजे ३० सप्टेंबरपर्यंत घ्यावी लागते. पेनड्राइव्हला हा कायदा माहीत असावा. एप्रिल-मेमध्ये, सगळे गावाला गेलेले असताना, निवांतपणे बिघडलेला सोसायटीचा पेनड्राइव्ह मी तरी ऐकलेला नाही. तो सप्टेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात बिघडतो. अहवाल छापायला टाकायचा असतो, सभेची चौदा दिवसांची नोटीस डोक्यावर असते, आणि गणपतीच्या वर्गणीचा हिशोबही नेमका त्यातच असतो.

आमचा सोळा जीबीचा. गच्चीच्या वॉटरप्रूफिंगच्या कंत्राटदाराने दिवाळीला भेट दिलेला, त्यामुळे अंगावर त्याचा मोबाइल नंबर छापलेला. गच्ची अजूनही गळते, तेव्हा नंबर पुसला गेला नाही हे बरंच. टोपण पहिल्याच वर्षी गेलं. भोकात लाल दोरा ओवून त्याला एक पितळी बिल्ला बांधला होता, तो पंपाच्या खोलीच्या जुन्या कुलपाचा. आत सभासदांची नोंदवही, मेंटेनन्सची थकबाकी, सिंकिंग फंडाच्या ठेवी, अनेक वर्षांची इतिवृत्तं आणि पार्किंगवरून झालेला एकूण पत्रव्यवहार. या सगळ्याची दुसरी प्रत कुठे आहे, असं मी एकदा विचारलं होतं. ‘अहो, हीच दुसरी प्रत,’ असं उत्तर मिळालं. पहिली कुठे आहे, हा प्रश्न विचारण्याइतका मी सोसायटीत जुना नाही.

खजिनदारांचं या पेनड्राइव्हशी आधीपासूनच बिनसलेलं होतं. ते बँकेतून निवृत्त झालेले. वर सोळा जीबी लिहिलंय आणि कॉम्प्युटर १४.९ दाखवतो, मग १.१ जीबी गेला कुठे? त्यांनी हे समितीच्या सभेत विचारलं होतं. तेव्हा सी विंगमधल्या आयटीवाल्या मुलाने समजावून सांगितलं, की पेनड्राइव्ह बनवणारे एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट धरतात आणि विंडोज १०२४ गुणिले १०२४ गुणिले १०२४ धरतं. माल तेवढाच, मापं दोन. खजिनदारांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, “म्हणजे दुधात असतं तसंच.” त्यांनी तो विषय बंद केला असं आम्हाला वाटलं होतं.

बिघाडाचं मूळ तसं साधं होतं. सोसायटी ऑफिसातला सीपीयू टेबलाखाली, फरशीपासून वीतभर उंचीवर. पेनड्राइव्ह पुढच्या बाजूला खोचला की तो बोटभर बाहेर डोकावतो, आणि मावशींच्या झाडूचा फेरा बरोबर त्या उंचीवरून जातो. यात मावशींचा काय दोष? झाडूची उंची मनुष्यजातीने फार पूर्वी ठरवलेली आहे. सीपीयू खाली ठेवायचा निर्णय समितीचा होता. सोमवारी सेक्रेटरींनी कॉम्प्युटर चालू केला, तर ‘माय कॉम्प्युटर’मध्ये सी होता, डी होता, पण एफ नव्हता.

आता बंद पडलेल्या लिफ्टपाशी जमत नाहीत इतकी माणसं बंद पडलेल्या पेनड्राइव्हपाशी जमतात. लिफ्टमध्ये विजेचा धोका असतो, पेनड्राइव्हमध्ये दुसऱ्याच्या डेटाचा असतो. पहिल्यांदा आले ते फुंकरवाले. पेनड्राइव्ह काढायचा, तोंडाजवळ धरायचा, फूऽऽ करायचं, शर्टाला पुसायचा आणि पुन्हा लावायचा. कॅसेट, व्हिडिओ गेमचं काडतूस, गॅसची शेगडी आणि पेनड्राइव्ह यांत ते काही फरक करत नाहीत. ए विंगमधल्या काकांनी तर खोडरबर आणला. कॉम्प्युटरची रॅम खोडरबराने घासून चालू होते हे त्यांनी दुकानात डोळ्यांनी पाहिलेलं होतं. रॅमच्या बाबतीत ते खरंही आहे. तिचे तांबूस-सोनेरी दात घासले की वरची मळी जाते. पेनड्राइव्हचे चार पत्रे मात्र लोखंडी चौकटीच्या आत असतात आणि तिथे खोडरबर जात नाही. काकांनी तो ब्लेडने तासून बारीक केला. आता तो जाऊ लागला, पण बाहेर येईना.

तो चिमट्याने काढेपर्यंत पेनड्राइव्ह उलटसुलट लावण्याचा कार्यक्रम झाला. पहिल्यांदा जात नाही म्हणून उलटा करायचा, तसाही जात नाही म्हणून पुन्हा पहिल्यासारखा करायचा आणि मग तो गपगुमान जातो, हा अनुभव जगभर सारखा आहे. या यूएसबीच्या मागे इंटेलमधल्या ज्या मंडळींचा हात आहे त्यांचे म्होरके अजय भट्ट मूळचे वडोदऱ्याचे, तिथल्याच सयाजीराव विद्यापीठात शिकलेले. कसाही लावला तरी चालेल असा प्लग करायचा तर तारा दुप्पट लागल्या असत्या आणि खर्चही दुपटीच्या घरात गेला असता, असं त्यांनी नंतर सांगितलं आहे. १९९६ साली मानक आलं तेव्हा स्वस्त असणं जास्त गरजेचं होतं. हे मी सगळ्यांना ऐकवल्यावर आमचे सेक्रेटरी गहिवरले. गुजराती हिशोबाला ते पूर्वीपासून मानतात.

‘मागच्या पोर्टला लावा’ असं सांगणारा एकटा आयटीवाला. सगळ्या सूचनांत शहाणी म्हणावी अशी ही एकच होती. पुढची पोर्टं मदरबोर्डला लांब वायरीने जोडलेली असतात आणि जुन्या कॅबिनेटमध्ये ती वायर ढिली पडते. मागची थेट बोर्डावरच असतात. पण मागे लावायचं तर टेबल सरकवायचं, टेबल सरकवायचं तर त्यावरचा नोटीस बोर्ड उतरवायचा, आणि नोटीस बोर्ड उतरवायला अध्यक्षांची परवानगी हवी. म्हणून तोपर्यंत कुणीतरी पेनड्राइव्ह घरी नेऊन टीव्हीला लावून पाहिला. हा फार धोक्याचा उद्योग. काही टीव्ही नवा पेनड्राइव्ह दिसला की ‘रेकॉर्डिंगसाठी तयार करू का?’ असं विचारतात. तयार करणं म्हणजे पुसणं. रिमोट नातवाच्या हातात असेल तर सोसायटीचा सगळा इतिहास एका कार्टूनच्या मध्यंतरात संपायचा. सुदैवाने टीव्हीलाही तो दिसला नाही.

शेवटी सेक्रेटरी आणि मी तापकीर गल्लीत गेलो. पुण्यात बुधवार पेठेतल्या या गल्लीत विजेवर चालणारी कुठलीही गोष्ट मिळते आणि विजेवर न चालणारी दुरुस्त होते. जिन्याखालच्या एका टेबलाशी एक गृहस्थ डोळ्याला भिंग लावून बसले होते. त्यांनी नखाने पेनड्राइव्हचं कवच असं उघडलं, की शेंगदाण्याचं टरफलही अवघड वाटावं. आत अंगठ्याएवढी हिरवी पट्टी. तिच्यावर एक मोठी काळी चौकट, तिला लागून एक लहान काळी चौकट आणि शेजारी तांदळाहून थोडी मोठी चंदेरी डबी. मोठी ती मेमरी, लहान तो कंट्रोलर, म्हणजे कुठे काय ठेवायचं हे ठरवणारा, आणि चंदेरी डबीत क्वार्ट्झचा स्फटिक. कंट्रोलरला ठेका धरून देणं हे त्या स्फटिकाचं काम. पेनड्राइव्ह जोरात आपटला की तो तडकतो, आणि मग मेमरी धडधाकट असूनही सगळं मुकं होतं.

गृहस्थांनी पट्टी भिंगाखाली फिरवली आणि टोकाशी बोट ठेवलं. जोडाचे चार पाय असतात, दोन विजेचे आणि दोन डेटाचे. त्यातले दोन डाग सोडून केसभर वर उचलले गेले होते. त्यांनी पेस्टचा कण लावला, सोल्डरिंगचं टोक दोनदा टेकवलं, राळेचा वास आला, आणि काम झालं. समोरच्या जुन्या लॅपटॉपला पेनड्राइव्ह लावला. टुणकन आवाज आला आणि एफ उगवला. सेक्रेटरींनी दोन्ही हात जोडले. गृहस्थ भिंग वर सारून म्हणाले, “चालू करून दिलाय. आत काय आहे ते माझ्याकडे नाही.”

एफवर क्लिक केल्यावर कळलं ते का म्हणाले. चौकट आली: एफमधली डिस्क वापरण्याआधी तुम्हाला ती फॉरमॅट करावी लागेल. फॉरमॅट करायची आहे का?

हा कॉम्प्युटरच्या इतिहासातला सर्वांत निर्लज्ज प्रश्न आहे. घराची किल्ली अडकली म्हणून सांगायला जावं आणि समोरच्याने अदबीने ‘घर पाडू का?’ असं विचारावं, त्यातला प्रकार. आणि सूर असा, की तुमच्याच भल्याचं चाललंय. खरी अडचण काय आहे, ते मात्र तो सांगत नाही. ती अशी. आमच्या इमारतीच्या प्रवेशाशी सभासदांच्या नावांचा फलक आहे: कोण कुठल्या मजल्यावर, कुठल्या सदनिकेत. पेनड्राइव्हच्या सुरुवातीलाही असाच फलक असतो. कुठली फाइल कुठल्या खोल्यांमध्ये विभागून राहते याची यादी. पेनड्राइव्हवर बहुतेकदा असते त्या फॅट नावाच्या पद्धतीत या यादीच्या दोन प्रती ठेवतात, पण त्या शेजारी-शेजारी. म्हणजे एकाच भिंतीवर दोन फलक. लिहिणं चालू असताना पेनड्राइव्ह हिसडला गेला आणि भिंतच कोसळली. आता पोस्टमन आला, त्याला फलक दिसला नाही, आणि त्याने ठरवलं की इमारतीत कुणी राहत नाही. माणसं आपापल्या घरात आहेत, कुकरच्या शिट्ट्या होताहेत. पोस्टमनला त्याचं काही नाही. विंडोज हा पोस्टमन आहे, आणि तो वर म्हणतो की इमारत रिकामीच आहे तर रंगवून घेऊ या का?

फाइल ‘डिलीट’ करतो तेव्हाही माणूस घर सोडत नाही. फॅटमध्ये त्या फाइलच्या नावाचं पहिलं अक्षर खरवडून तिथे एक खुणेची संख्या घालतात आणि तिच्या खोल्या रिकाम्या झाल्याचं यादीत लिहितात. बाकी सगळं जागच्या जागी. नवीन भाडेकरू त्याच खोलीत सामान टाकेपर्यंत जुना तिथेच राहतो, अगदी वर्षानुवर्षं. हे वाक्य वाचकांनी लक्षात ठेवावं. आमच्या समितीने ते वेळेवर लक्षात घेतलं नाही.

ऑफिसात परत आल्यावर त्या चौकटीसमोर चर्चा रंगली. अँटिव्हायरसवाल्यांच्या मते हा झेरॉक्सच्या दुकानाचा प्रताप. त्यांच्या म्हणण्यातही तथ्य असतं, नाही असं नाही. एके काळी झेरॉक्सच्या दुकानातून पेनड्राइव्ह परत आला की आतल्या फोल्डरांचे शॉर्टकट झालेले असायचे आणि खरी फोल्डरं लपवलेली असायची. पेनड्राइव्ह लावल्या लावल्या त्यातला प्रोग्रॅम आपोआप सुरू व्हायचा. मायक्रोसॉफ्टने २०११ साली जुन्या विंडोजवर ती सोय बंद केली तेव्हा कुठे लोकांनी श्वास घेतला. इराणच्या नतांझ अणुकेंद्रात सेंट्रिफ्यूज बिघडवणारा आणि २०१० मध्ये उघडकीला आलेला स्टक्सनेटही पेनड्राइव्हवरून पसरणाराच. नतांझला झेरॉक्सचं दुकान होतं की नाही हे विचारायला आमच्यात कुणी नव्हतं.

काळ्या पडद्यावाल्यांचं म्हणणं वेगळं. ‘कमांड प्रॉम्प्ट उघडा, चेकडिस्क मारा.’ मारला. त्याने एका ओळीत कळवलं, की या ड्राइव्हची फाइल सिस्टिम रॉ आहे आणि रॉ ड्राइव्हसाठी चेकडिस्क उपलब्ध नाही. हे नशीबच म्हणायचं. कारण चेकडिस्क यादी दुरुस्त करतो, तुमच्या फाइली नव्हे. त्याला एखादा तुकडा कुणाचा आहे ते कळलं नाही, तर तो त्याला फाइल शून्य शून्य शून्य शून्य असं नाव देऊन ‘फाउंड’ नावाच्या फोल्डरात टाकून मोकळा होतो. मग कुणीतरी डिस्कपार्ट उघडायची सूचना केली. डिस्कपार्टमध्ये ‘क्लीन’ म्हटलं की तो खात्री करून घेत नाही, पुन्हा विचारत नाही, निवडलेल्या डिस्कवरच्या विभागणीची नोंद साफ करतो. आणि डिस्कची नावं शून्य आणि एक. शून्य म्हणजे बहुतेक वेळा कॉम्प्युटरची स्वतःची. एका आकड्याच्या अंतरावर पेनड्राइव्हबरोबर कॉम्प्युटरही जातो. ‘असू दे, असू दे,’ म्हणून सगळे मागे सरले.

पेनड्राइव्ह बिघाडाने फारसे मरत नाहीत, उपचारांनी मरतात, असं माझं मत आहे. आणि हे मत मी मनात जुळवत होतो तेवढ्यात आमच्या माजी अध्यक्षांनी माउस हातात घेतला. ते अकरा वर्षं अध्यक्ष होते. समोर आलेल्या प्रश्नाला उत्तर न देता सभा लांबवणं त्यांना मुळीच खपत नाही. “विचारतोय तर करून टाका ना, काय चर्चा लावलीय,” असं म्हणून त्यांनी ‘हो’ केलं. दुसरी चौकट आली, सगळा डेटा पुसला जाईल असा इशारा आला, त्यालाही ‘हो’ केलं. दोन-तीन सेकंदांत काम झालं. उघडलेला एफ पांढराशुभ्र. खजिनदार खुर्चीत बसले.

आयटीवाला मुलगा संध्याकाळी कंपनीतून आला, त्याला वाकून वाकून सगळं सांगितलं. तो रागावला नाही. त्याने एवढंच विचारलं, “काका, ‘क्विक फॉरमॅट’वर खूण होती का?” खूण आपोआप असतेच आणि माजी अध्यक्षांनी ती काढायचे कष्ट घेतले नव्हते. “मग वाचलं,” तो म्हणाला. क्विक फॉरमॅट भिंतीवर नुसता नवा कोरा फलक लावतो. घरांना हात लावत नाही. खूण काढली असती तर गोष्ट वेगळी. व्हिस्टापासूनच्या विंडोजमध्ये पूर्ण फॉरमॅट प्रत्येक खोलीत शून्यं भरत जातो आणि मग जिन्याखालचे गृहस्थही काही करू शकत नाहीत. माजी अध्यक्षांच्या घाईने सोसायटीचं दप्तर वाचलं, हे आता ते स्वतः सांगतात. नाही म्हणता येत नाही.

मुलाने पहिल्यांदा काय केलं, तर काहीच केलं नाही. पेनड्राइव्हला हात न लावता त्याची जशीच्या तशी, बाइटला बाइट अशी पूर्ण प्रत आपल्या लॅपटॉपवर काढून घेतली आणि पेनड्राइव्ह पाकिटात घालून खजिनदारांकडे दिला. पुढची खटपट सगळी त्या प्रतीवर. इतकं साधं पथ्य दिवसभरात आमच्यापैकी कुणालाही सुचलं नव्हतं. मग त्याने फोटोरेक नावाचा फुकट प्रोग्रॅम सुरू केला. हा क्रिस्टोफ ग्रेनिए या फ्रेंच माणसाने लिहिलेला. नाव फोटोचं असलं तरी तो सगळंच शोधतो. त्याची रीत अशी, की फलकाकडे बघायचंच नाही. पहिल्या मजल्यापासून शेवटच्या मजल्यापर्यंत प्रत्येक दार वाजवत जायचं आणि आतल्या माणसाच्या चेहऱ्यावरून तो कोण ते ठरवायचं. फोटोची फाइल ठरावीक बाइटांनी सुरू होते, एक्सेलची दुसऱ्या, गाण्याची तिसऱ्या. नावं मात्र फलकाबरोबर गेलेली, त्यामुळे सापडलेल्या प्रत्येकाला तो इंग्रजी ‘एफ’ आणि पुढे सात आकडी क्रमांक देतो.

रविवारी सकाळी दहा वाजता सोसायटी ऑफिसात उघडून बघण्याचा कार्यक्रम ठेवला होता. वार्षिक सभेला एवढी हजेरी कधी नसते. चहा आला, खुर्च्या कमी पडल्या, प्रोजेक्टर नव्हता म्हणून क्लब हाउसचा टीव्ही लावला. मुलगा म्हणाला, “अडीच-तीन हजार फाइल्स आल्यात.” टाळ्या वाजल्या. माजी सेक्रेटरींनी तेवढ्यात विचारलं, “तीन हजार? आम्ही तर चार-पाचशेच ठेवल्या होत्या.” हा प्रश्न कुणी फारसा मनावर घेतला नाही.

पहिली फाइल उघडली ती लावणीची निघाली. ती कुणाची यावर एकमत होईना म्हणून पूर्ण ऐकावी लागली. त्यानंतर एका मुलीचा लग्नाचा बायोडेटा, उंची पाच फूट तीन इंच, अपेक्षा उच्चशिक्षित व निर्व्यसनी. तिच्या दुसऱ्या मुलाचं बारसं मागच्याच महिन्यात झालं. मग टाकीच्या तड्याचे फोटो, महाबळेश्वरचे फोटो, पुन्हा टाकीच्या तड्याचे फोटो. तोपर्यंत वातावरण खेळीमेळीचं होतं. मग पत्रं सुरू झाली.

मी मघाशी म्हटलं ना, डिलीट केलेला भाडेकरू घर सोडत नाही? दार वाजवणाऱ्याला तर राहणारा कोण आणि खोडलेला कोण यातला फरकच कळत नाही. गेल्या तीन समित्यांनी लिहून, वाचून, विचार करून, डिलीट केलेलं सगळं उठून बाहेर आलं. ‘सदनिका क्र. ४०२ यांच्या कुंड्यांमुळे’ या पत्राचे पाच मसुदे निघाले. पाठवलेला होता त्यात ‘आपणांस नम्र विनंती’ होती. पहिल्यात नव्हती. चारशे दोनच्या काकू दुसऱ्या रांगेत बसल्या होत्या. त्यांनी तो मसुदा मोठ्याने वाचायला सांगितला.

एकाच वर्षाची दोन अंदाजपत्रकं निघाली. एका तारखेची, एका सहीची, पण रंगकामाच्या रकमेत फरक. वॉटरप्रूफिंगची तीन कोटेशन्स तर एकाच फाइलमधून तीन वेगवेगळ्या लेटरहेडखाली तयार झालेली दिसली. तिन्हींत ‘गच्ची’ हा शब्द ‘गाच्ची’ असाच टाइप केलेला होता. तेव्हाचे सेक्रेटरी म्हणाले, “बाळा, एवढं सगळं परत आणायची काही गरज नव्हती.” मुलगा भाबडेपणाने म्हणाला, “काका, डिलीट झालेलं पण येतं ना यात.” खोलीत एकदम शांतता पसरली. तीन माणसांना गॅसवर दूध ठेवल्याचं आठवलं.

राहता राहिली इतिवृत्तं. ज्यासाठी हा घाट घातला होता ती सापडली खरी, पण उघडली तर आत निव्वळ भेंडोळं: डॉलरची चिन्हं, कंस, डोक्यावर टोप्या घातलेले रोमन स्वर. “ही मात्र खराबच झाली,” असं सगळ्यांनी एका सुरात, आणि काहींनी जरा आनंदानेच, ठरवलं. तेव्हा मागून बी विंगमधल्या एक आजी उठल्या. त्यांनी आयुष्यभर डीटीपीचं काम केलेलं, दिवाळी अंकांची कितीतरी पानं लावलेली. चष्मा वर करून त्यांनी टीव्हीकडे बघितलं आणि म्हणाल्या, “खराब कुठली? श्रीलिपीत आहे हे. फाँट टाका.” युनिकोड रुळण्यापूर्वी मराठी फाँट असेच असायचे. कॉम्प्युटरच्या लेखी ती रोमन अक्षरं आणि खुणाच. त्यांच्या जागी फाँटने देवनागरीचे आकार बसवलेले. फाँट आहे तोवर मराठी, फाँट गेला की भेंडोळं. आकृती, कृतिदेव, श्रीलिपी, प्रत्येकाची बसवणी निराळी. आजींनी नुसत्या टोप्यांवरून घराणं ओळखलं. फाँट टाकल्याबरोबर पडद्यावर स्वच्छ उमटलं: ‘गणपूर्तीअभावी सभा अर्धा तास तहकूब करून त्याच जागी पुन्हा सुरू करण्यात आली.’ ही आमचीच इतिवृत्तं यात मग कुणाला शंका उरली नाही.

त्यापुढची फाइल उघडू नये, असं समितीने तिथल्या तिथे एकमताने ठरवलं. माझ्या माहितीतला तो पहिला एकमताचा ठराव. पेनड्राइव्हमधलं गेल्याचं दुःख सगळ्यांनाच असतं. पण ते सगळंच्या सगळं परत मिळावं अशी मनापासून इच्छा असलेला माणूस त्या ऑफिसात तरी मला दिसला नाही, चारशे दोनच्या काकू सोडून. त्यांनी पूर्ण संच मागितला आहे, माहितीच्या अधिकाराचा उल्लेख करून.

वार्षिक सभा ठरल्या दिवशी झाली. गणपूर्ती झाली नाही, अर्धा तास तहकूब झाली, त्याच जागी पुन्हा सुरू झाली. विषय क्रमांक सात: दप्तर सुरक्षित ठेवण्यासाठी नवीन पेनड्राइव्ह घेणे. मुलाने सुचवलं होतं की दोन घ्या, वेगवेगळ्या घरी ठेवा आणि वर्षभर कपाटात कोंडून ठेवू नका; यात डेटा म्हणजे पेशींत अडकवून ठेवलेला विजेचा भार असतो, स्वस्त मालात तो पडून पडून हळूहळू झिरपतो. यावर ‘दोन कशाला?’ असा प्रश्न आला. एकच, पण मोठा घ्यावा असं ठरलं. खरेदीला रीतसर तीन कोटेशन्स हवीत, आणि या वेळी ती खरोखर तीन जणांकडून आणायची असा सभासदांचा आग्रह पडला. दोन नावाजलेल्या दुकानांची आली, चौसष्ट जीबीची. तिसरं ऑनलाइनचं होतं: दोन टीबी, ४९९ रुपये. दर जीबीमागे किंमत काढली तर तुलनाच नव्हती. सर्वांत कमी दराचं नाकारायला लेखी कारण द्यावं लागतं, म्हणून तेच मंजूर झालं.

तो आला तेव्हा कॉम्प्युटरनेही व्यवस्थित दोन टीबीच्या आसपास दाखवलं. मुलाला मात्र चैन पडेना. असल्या पेनड्राइव्हच्या कंट्रोलरला खोटं बोलायला शिकवलेलं असतं. आतली मेमरी भरली तरी तो पुढचं सगळं घेतल्यासारखं दाखवतो, फाइलींची नावंही यादीत दिसतात, आणि आत काहीच नसतं. जर्मनीतल्या ‘त्से-टे’ मासिकाच्या मंडळींनी हे पकडायला एचटूटेस्टडब्ल्यू नावाचा छोटा प्रोग्रॅम केला आहे. तो पेनड्राइव्ह काठोकाठ भरतो आणि मग भरलेलं सगळं परत वाचून बघतो. सेकंदाला दहा एमबी धरले तरी दोन टीबी नुसते भरायलाच दोन दिवसांहून जास्त लागतात. ऑफिसचा दिवा, पंखा आणि कॉम्प्युटर तितके दिवस चालू राहिल्याबद्दल सभासदांच्या दोन लेखी तक्रारी आल्या. शेवटी निकाल लागला: खरी मेमरी ३२ जीबी, बाकी सगळा बनाव.

पैसे परत मिळणार नाहीत हे उघड होतं. वस्तू निर्लेखित करायची तर पुन्हा सर्वसाधारण सभा बोलवायला हवी. खजिनदारांनी दोन दिवस विचार केला, सगळे नियम चाळले, आणि या वर्षीच्या ताळेबंदात १,९६८ जीबी ‘येणे बाकी’ म्हणून दाखवले आहेत.